जाणलेला काळ, जगलेला काळ

मित्रहो,

मनोरुग्णाच्या केसपेपरवर एक ओळ हमखास असते : 'काळ, स्थळ आणि व्यक्ती यांचे भान आहे.' नवा डॉक्टर पहिल्या महिन्यातच ही ओळ लिहायला शिकतो. आज वार कोणता, महिना कोणता, आपण कुठे बसलो आहोत, शेजारी कोण उभे आहे, एवढे विचारायचे. उत्तरे बरोबर आली की ती ओळ लिहायची आणि पुढच्या रकान्याकडे वळायचे. मीसुद्धा ती अगणित वेळा लिहिली आहे आणि त्यात काही चुकले असे मला वाटत नाही, कारण मेंदूला इजा झाली आहे का, हे कळण्यासाठी ते प्रश्न आवश्यकच आहेत. परंतु त्या ओळीतला 'काळ' म्हणजे नेमका कोणता काळ, हा प्रश्न मला अनेक वर्षे पडलाच नव्हता. तो पडला यूजेन मिंकोव्स्की या फ्रेंच मनोविकारतज्ज्ञाच्या लेखनामुळे, आणि आजचे हे व्याख्यान त्या प्रश्नाचे ऋण मान्य करण्यासाठी आहे.

मिंकोव्स्की यांना फ्रेंच म्हणायचे खरे, पण ते फ्रेंच झाले ते स्वतःच्या निवडीने. त्यांचा जन्म १८८५ साली सेंट पीटर्सबर्गमध्ये एका पोलिश ज्यू कुटुंबात झाला आणि बालपण वॉर्सात गेले. त्या वेळी पोलंड रशियन झारच्या अंमलाखाली होता. वैद्यकाचे शिक्षण त्यांनी वॉर्सात सुरू केले, पण तिथल्या राजकीय दडपशाहीमुळे ते पूर्ण झाले म्युनिकमध्ये, १९०९ साली. रशियात वैद्यकी करण्याचा परवाना हवा म्हणून ते परीक्षेसाठी कझानला गेले आणि तिथे त्यांची ओळख फ्रांस्वाज या वैद्यकाच्याच विद्यार्थिनीशी झाली. १९१३ साली दोघांनी लग्न केले. फ्रांस्वाज मिंकोव्स्का पुढे स्वतःच्या अधिकाराने मनोविकारतज्ज्ञ म्हणून नावाजल्या. शाईच्या डागांत काय दिसते ते विचारणाऱ्या रोर्शाक चाचणीवरचे आणि मुलांच्या चित्रांवरचे त्यांचे काम पतीच्या कामाइतकेच स्वतंत्र आहे, आणि त्यावर वेगळे व्याख्यान व्हायला हवे.

लग्नानंतर दोघे म्युनिकला परतले, आणि तिथे या तरुण डॉक्टरने वैद्यक जवळजवळ सोडून दिले. त्यांना तत्त्वज्ञान शिकायचे होते. म्युनिकमध्ये त्या काळी एडमुंड हुसेर्ल यांच्या विचारांनी भारलेली मंडळी शिकवत होती. फिनॉमिनॉलॉजी या नावाने ओळखल्या जाणाऱ्या त्या विचाराचा आग्रह असा की, एखाद्या अनुभवाचे कारण शोधण्याआधी तो अनुभव आहे तरी कसा, त्याची घडण कोणती, हे नीट पाहावे. दुसरीकडे पॅरिसमध्ये तत्त्वज्ञ आंरी बर्गसाँ सांगत होते की, घड्याळ ज्याचे तुकडे पाडून मोजते तो खरा काळ नव्हेच. घड्याळातला काळ ही एक प्रकारची जागाच असते, कारण सारख्या लांबीचे खण एकापुढे एक मांडलेले असतात. खरा काळ मात्र एखाद्या स्वरावलीसारखा, मागचा सूर पुढच्यात मिसळून घेत वाहत असतो. मिंकोव्स्की यांच्या डोक्यात हे दोन्ही प्रवाह एकत्र आले आणि त्यांनी काळावर लिहायला घेतले. तेवढ्यात १९१४ चा ऑगस्ट उजाडला.

रशियाचे प्रजाजन असल्यामुळे जर्मनीत ते एका रात्रीत शत्रुराष्ट्राचे नागरिक ठरले. पतिपत्नी स्वित्झर्लंडला गेले, आणि झुरिकच्या बुर्गहोल्झ्ली रुग्णालयात ऑयगेन ब्लॉयलर यांच्या हाताखाली काम करू लागले. 'स्किझोफ्रेनिया' हा शब्द जगाला देणारे ते हेच ब्लॉयलर. पोटापाण्यासाठी आणि आश्रयासाठी धरलेली ही वाट मिंकोव्स्की यांना पुन्हा वैद्यकाकडे घेऊन आली, आणि या वेळी ती कायमची. १९१५ साली ते फ्रेंच सैन्यात डॉक्टर म्हणून स्वेच्छेने भरती झाले, व्हेर्दाँच्या आघाडीवर राहिले, शौर्यासाठी सन्मानित झाले आणि युद्धानंतर फ्रान्सचे नागरिक होऊन पॅरिसमध्ये स्थायिक झाले.

खंदकातल्या दिवसांबद्दल त्यांनी फार लिहिले नाही, पण जे लिहिले ते मोलाचे आहे. तिथे दिवस एकसारखे असत, वार आणि तारखा विसरायला होत, आणि माणसे त्या सपाटपणाशी झुंजण्यासाठी आपापले दिवस मोजत : या आघाडीवर येऊन किती झाले, सुटीला किती उरले. प्रत्येकाचे पंचांग वेगळे. युद्धाच्या काळात त्यांनी भविष्यावर एक टिपण लिहिले. आपण भविष्य कसे जगतो, त्याबद्दल आपल्याला काय माहीत आहे हे नव्हे, असा त्याचा विषय होता. ज्या माणसाला उद्याची खात्री नाही त्याने खंदकात बसून हा विषय निवडावा, यात मला कसलाही योगायोग दिसत नाही.

आता १९२२ सालाकडे येतो, कारण मिंकोव्स्की यांचा सारा विचार ज्या एका अनुभवाभोवती उभा आहे तो त्या वर्षीचा आहे. ६६ वर्षांच्या एका रुग्णाचा खासगी डॉक्टर म्हणून ते दोन महिने त्याच्यासोबत राहिले. तपासायला जाणे वेगळे आणि सोबत राहणे वेगळे. सकाळचा चहा, जेवण, फिरणे, झोप, सारे त्या माणसाच्या शेजारी. तपासणीच्या खोलीत रुग्ण आपल्याला अर्धा तास दिसतो आणि त्या अर्ध्या तासात तो आपल्या प्रश्नांना उत्तरे देत असतो; इथे डॉक्टरची स्वतःची दिनचर्या, स्वतःचा कंटाळा, स्वतःची चीडसुद्धा पणाला लागलेली होती. आपण कधी कळवळलो आणि कधी अक्षरशः संतापलो, हे त्यांनी लपवलेले नाही.

हा गृहस्थ मूळचा परदेशी होता, आणि फ्रान्सचे नागरिकत्व घेतले नाही हा आपला भयंकर गुन्हा आहे अशी त्याची खात्री झाली होती. कर भरला नाही, हा दुसरा गुन्हा. या अपराधांबद्दल आपल्याला आणि आपल्या कुटुंबाला हालहाल करून मारले जाणार, हातपाय तोडले जाणार, ही शिक्षा साऱ्या जगाला ठाऊक आहे आणि रस्त्यावरचा प्रत्येक माणूस त्यात सामील आहे, असे त्याला वाटे. याच्या जोडीला एक विलक्षण भ्रम होता, ज्याला तो स्वतः 'उरल्यासुरल्याचे धोरण' म्हणत असे. जगात जे जे उरते, जे जे टाकले जाते, ते सारे गोळा केले जात आहे आणि एक दिवस आपल्या पोटात कोंबले जाणार आहे, असे हे धोरण. सिगारेटची राख, काडी, रेल्वेची तिकिटे, कापलेली नखे आणि केस, फळांच्या बिया. समोर घड्याळ दिसले की त्याचे काटे, स्प्रिंगा, स्क्रू असे सारे एकेक करून त्याच्या डोळ्यांपुढे येई, कारण तेही शेवटी त्याच्याच पोटात जायचे होते. एक वस्तू दिसली की तो तिच्यापाशी थांबू शकत नसे. तिच्यासारख्या जगभरातल्या सगळ्या वस्तूंची यादी सुरू होई.

पहिल्या रात्री रुग्णाने डॉक्टरला सांगितले की आज रात्री आपला वध होणार. त्या भीतीने तो झोपला नाही आणि डॉक्टरलाही झोपू दिले नाही. मिंकोव्स्की यांनी मनाशी म्हटले, सकाळी याला आपोआप कळेल की भीती खोटी होती. सकाळ झाली, काहीही घडलेले नव्हते. आणि पुन्हा तेच : वध आज होणार. दुसरी रात्र, तिसरी रात्र. तीन-चार दिवसांनी डॉक्टरची आशा संपली. रुग्णाची वृत्ती मात्र तसूभरही बदललेली नव्हती.

आपल्यापैकी बहुतेकांनी इथे एवढेच म्हटले असते की भ्रम पक्का आहे, पुराव्याने हलत नाही. पुस्तकात भ्रमाची व्याख्याच तशी दिलेली असते. मिंकोव्स्की यांनी मात्र रुग्णाकडे बघता बघता स्वतःकडे पाहिले आणि विचारले : तीन दिवसांत माझे काय झाले? मी घडलेल्या गोष्टींवरून पुढचा अंदाज बांधला. काल असे झाले, परवा असे झाले, तेव्हा उद्याही असेच होणार, असे म्हणत मी भविष्याकडे सरकलो, इतका की माझी आशासुद्धा मी त्या अंदाजाप्रमाणे सोडून दिली. याच्यासमोरूनही तेच दिवस गेले, पण त्याने त्यांतून काहीच घेतले नाही. कालचा दिवस परवाला जोडला जात नव्हता. प्रत्येक दिवस सुटा, स्वयंपूर्ण; करड्या समुद्रातल्या एकाकी बेटासारखा, असे मिंकोव्स्की यांचे शब्द आहेत. आयुष्य रोज नव्याने सुरू होई आणि पुढे कुठेही जात नसे.

या जागी मिंकोव्स्की यांनी जे म्हटले ते वाचून मी पुस्तक मिटून बराच वेळ बसलो होतो. आपण सहसा असे समजतो की, वधाच्या भ्रमामुळे या माणसाचे भविष्य बंद झाले. ज्याला आज रात्री मरायचे आहे तो उद्याचा विचार कशाला करील? मिंकोव्स्की यांनी हा क्रम उलटा केला. त्यांच्या मते भविष्याकडे झेपावण्याची माणसाची जी मूळ ओढ असते, तीच या रुग्णात आधी थांबली होती. पुढचा रस्ता बंद झाल्याचे तो आतून भोगत होता. आणि त्या भोगाला शाबूत राहिलेल्या बुद्धीने जी भाषा दिली ती होती वधाची. पुढे काही नाही, हे सांगण्यासाठी मनाजवळ दुसरे चित्र तरी कोणते असणार? आपल्या मराठीत काळ म्हणजे समयही आणि काळ म्हणजे मृत्यूही. या दोन अर्थांमध्ये एरवी जे अंतर असते ते त्या माणसाच्या बाबतीत पुसले गेले होते.

एकदा असे पाहायला लागले की त्याची बाकीची लक्षणेही उलगडतात, आणि मला मिंकोव्स्की यांची विश्लेषणशक्ती सर्वांत जास्त इथे जाणवते. अपराधाचेच घ्या. माणूस चांगले काम करतो तेव्हा ते त्याच्यापाशी साठून राहत नाही, त्याच्यातून आणखी काही चांगले करण्याची ओढ पुढे निघते. चूक मात्र घडली त्या जागी डागासारखी उरते. निरोगी माणूस या डागासकट पुढे जातो, कारण पुढे जागा असते. पुढची जागाच नाहीशी झाली तर उरतात ते फक्त डाग. म्हणून न भरलेला कर डोंगराएवढा होतो. दारिद्र्याच्या भीतीचेही तसेच : पैसा माझा आहे, घर माझे आहे, या 'माझे'पणातसुद्धा पुढच्या दिवसांचा विस्तार गृहीत असतो. तो विस्तार गेला की बँकेत कितीही असले तरी हातात काही नाही, हे वाटणे त्या माणसापुरते खरे असते. आणि जो स्वतः कुठेही चाललेला नाही, त्याच्यावर सारे जग चालून येते. वस्तू, माणसे, शब्द, सारे त्याच्यावर कोसळते. उरल्यासुरल्याचे धोरण याहून वेगळे काय आहे?

या दोन महिन्यांच्या सहवासाचे वर्णन करताना त्यांनी दोन सुरावटींची उपमा दिली आहे. दोन सुरावटी एकाच वेळी वाजत आहेत, एकमेकींशी अजिबात न जुळणाऱ्या, तरीही ऐकता ऐकता एकीच्या सुरांचे दुसरीच्या सुरांशी काही नाते जाणवू लागते. डॉक्टरचा काळ आणि रुग्णाचा काळ असे शेजारी शेजारी चालू होते, आणि एकाचे न जुळणे दुसऱ्यामुळेच ऐकू येत होते. मिंकोव्स्की यांची पद्धत म्हणायची ती हीच. रुग्णाचे निरीक्षण करताना डॉक्टरने स्वतःला गैरहजर ठेवायचे नाही, उलट स्वतःचे जगणे मोजपट्टीसारखे शेजारी ठेवायचे.

नोव्हेंबर १९२२ मध्ये झुरिकला स्विस मनोविकारतज्ज्ञांची सभा भरली. तिथे लुडविग बिन्सवांगर यांनी फिनॉमिनॉलॉजीवर तात्त्विक निबंध वाचला आणि मिंकोव्स्की यांनी हा एक रुग्ण मांडला. मनोविकारशास्त्रात या विचारपद्धतीचा आरंभ त्या सभेपासून धरतात. दोघांत मला मिंकोव्स्की अधिक जवळचे वाटतात, कारण त्यांचे तत्त्वज्ञान रात्रीच्या जागरणातून आलेले आहे.

आता सुरुवातीच्या केसपेपरकडे पुन्हा जाऊ. मिंकोव्स्की यांनी दोन प्रकारच्या रुग्णांची तुलना केली. एका बाजूला उपदंशामुळे मेंदू क्षीण होत गेलेले रुग्ण. पेनिसिलीनपूर्व काळात युरोपातली मनोरुग्णालये त्यांनी भरलेली असत. दुसऱ्या बाजूला स्किझोफ्रेनियाचे रुग्ण. पहिल्या प्रकारच्या रुग्णाला 'तुम्ही कुठे आहात?' असे विचारले तर तो म्हणतो, 'इथे!' आणि पायाने जमीन ठोकून दाखवतो. रुग्णालयाचे नाव, गाव, वर्ष, यांतले त्याला काही सांगता येत नाही, आणि आपण फिरून तेच विचारले तर तो वैतागतो, कारण त्याच्या दृष्टीने उत्तर देऊन झालेले असते. मी, इथे, आता, या तिन्हींची गाठ त्याच्यात घट्ट असते. दुसरा रुग्ण रुग्णालयाचे नाव सांगतो, तारीख बिनचूक सांगतो, आणि पुढे म्हणतो : मी कुठे आहे हे मला माहीत आहे, पण मी जिथे आहे तिथे मी आहे असे मला वाटत नाही.

केसपेपरच्या कसोटीला पहिला नापास होतो आणि दुसरा पूर्ण गुणांनी उत्तीर्ण. माझ्या उमेदवारीच्या काळातला एक तरुण रुग्ण मला नेहमी आठवतो. त्याच्या खिशात छोटे कॅलेंडर असे आणि तो आम्हाला तारीख सांगे, आम्ही त्याला नव्हे. त्याच्या कागदावर 'काळाचे भान आहे' असे मीच लिहिले होते. एकदा तो मला म्हणाला, 'डॉक्टर, तारीख बदलते, दिवस बदलत नाही.' मी ते वाक्य लिहून घेतले नाही. लिहायला रकाना नव्हता. ते आज मला आठवते आहे, पण त्या दिवशी मी त्याला पुढे काही विचारले नाही, ही चूक माझ्या खात्यावर आहे.

स्किझोफ्रेनियाच्या मुळाशी काय आहे, यावर मिंकोव्स्की यांचे उत्तर त्यांच्या १९२६ च्या प्रबंधात आणि १९२७ च्या स्किझोफ्रेनियावरील पुस्तकात आले : वास्तवाशी असलेला जिवंत संपर्क तुटणे. 'जिवंत' हा शब्द इथे सर्वांत महत्त्वाचा. माहिती तुटत नाही, तर्क तुटत नाही. तुटते ते परिस्थितीशी आपोआप जुळत राहण्याचे भान. कुठे थांबायचे, किती बोलायचे, एखादी गोष्ट खरी असली तरी ती आत्ता बोलायची नसते, हे कोणत्याही नियमाने ठरत नाही. आपण त्याला समज म्हणतो, पोच म्हणतो. ती पोच गेली की तिची जागा भरून काढायला बुद्धी धावते, आणि रुग्ण जरुरीपेक्षा जास्त तर्कशुद्ध होतो. मिंकोव्स्की याला रुग्ण बुद्धिवाद म्हणत. वेडा माणूस म्हणजे तर्क सुटलेला माणूस, ही आपली सर्वसाधारण समजूत. काही रुग्णांमध्ये तर्काशिवाय दुसरे काहीच उरलेले नसते, हे त्यांनी दाखवून दिले.

त्यांच्या एका रुग्णाचे बोलणे त्यांनी नोंदवले आहे. तो म्हणत असे, माझ्यासाठी आराखडा हेच सर्वस्व आहे. आयुष्य विस्कटले तरी चालेल, आराखडा विस्कटता कामा नये. आयुष्यात ना नियमितपणा असतो ना सममिती, म्हणून मी माझे वास्तव स्वतः तयार करतो. अशाच एका रुग्णाला न बदलणाऱ्या वस्तू आवडत, पेट्या आणि कड्या-कोयंडे. दगड हलत नाही म्हणून भरवशाचा. पृथ्वी फिरते म्हणून बिनभरवशाची. रुळांच्या भरावावरून आगगाडी जाते, तर त्याच्या लेखी आगगाडी नाहीच. त्याला फक्त भराव बांधायचा आहे. भूतकाळ ही दरी, भविष्यकाळ हा डोंगर. म्हणून दोहोंच्या मध्ये एक मोकळा दिवस ठेवायचा असे त्याने ठरवले, धक्का शोषून घेणारा दिवस, ज्या दिवशी काही म्हणजे काही करायचे नाही. त्यासाठी एकदा त्याने लघवीसुद्धा रोखून धरली होती.

त्या मोकळ्या दिवसाचा मी फार विचार केला आहे. ही नुसती विक्षिप्त कल्पना वाटते, पण त्या माणसाने केवढे काम अंगावर घेतले होते ते पाहा. तुमचा-माझा काल आजमध्ये कसा येतो आणि आज उद्यात कसा जातो, याची काळजी आपण करत नाही. ते आपल्यासाठी कोणीतरी करून ठेवलेले असते. त्याला ते सांधकाम स्वतःच्या हातांनी, विटा रचाव्यात तसे करावे लागत होते. म्हणून त्याने काळाची जागा केली, दरी-डोंगराची भाषा केली. बर्गसाँ यांनी ज्याला विचारातली चूक म्हटले होते ते या रुग्णाच्या बाबतीत जगण्याचे एकुलते एक साधन बनले होते. एका तत्त्वज्ञाचा सिद्धान्त रुग्णालयात येऊन इतका अंगाला झोंबणारा होतो, हे अन्यत्र मी क्वचितच पाहिले आहे.

१९३३ साली त्यांचा मुख्य ग्रंथ 'ल ताँ वेक्यू', म्हणजे 'जगलेला काळ', प्रसिद्ध झाला. हजार प्रती, छपाईचा खर्च त्यांनी स्वतः केलेला. पूर्वार्ध तत्त्वज्ञानाचा, उत्तरार्ध रुग्णांचा. पूर्वार्धात भविष्याकडे जाण्याच्या निरनिराळ्या तऱ्हांचे विवेचन आहे, आणि ते मराठीत समजून घ्यायला फार सोपे जाते. आपण काम करतो तेव्हा आपण भविष्याकडे चालत जातो. वाट पाहतो तेव्हा भविष्य आपल्याकडे चालत येते, आणि आपण जागीच असतो. 'वाट पाहणे' या आपल्या शब्दात तो रस्ता शब्दशः आहे : रस्त्यावर डोळे, पाय थांबलेले. मिंकोव्स्की म्हणतात की निव्वळ वाट पाहण्यात नेहमी थोडी यातना असते, कारण त्या क्षणापुरते आपले सारे जगणे येऊ घातलेल्या गोष्टीच्या स्वाधीन झालेले असते. इच्छा आपल्याला कामाच्या पलीकडे नेते. आशा त्याच्याही पुढे. आशा धरली की ते येणारे थोडे लांब सरकते आणि माणसाला श्वास घ्यायला उसंत मिळते. सर्वांत दूरवर जाणारी प्रार्थना, जिच्यात माणूस आपले सारे आयुष्य गोळा करून क्षितिजाच्या पलीकडे पाहतो. त्या ६६ वर्षांच्या गृहस्थापाशी या साऱ्यांतले फक्त वाट पाहणे शिल्लक राहिले होते, तेही निखळ, आशेच्या थेंबाशिवाय.

या विचाराला मर्यादा नाहीत असे मी म्हणणार नाही. एका रुग्णावरून केवढी इमारत उभारली, हा आक्षेप रास्त आहे; शिवाय त्या रुग्णाच्या आजाराला मिंकोव्स्की यांनी स्वतःच 'स्किझोफ्रेनिक विषण्णता' असे जोडनाव दिले होते, तेव्हा काळाचे हे थांबणे नक्की कोणत्या आजाराचे लक्षण, हे तिथे स्पष्ट होत नाही. फ्रेंच मनोविश्लेषक ज्याक लाकाँ यांनी या ग्रंथाचे परीक्षण करताना कौतुकाबरोबर कडक टीकाही केली. माझ्या मते खरी उणीव दुसरी आहे : काळाचे थांबणे ओळखल्यावर ते पुन्हा सुरू कसे करायचे, याबद्दल मिंकोव्स्की यांच्यापाशी सांगण्यासारखे थोडेच होते. पण त्या काळी औषधेही नव्हती, आणि ज्यांच्यापाशी उपाय नाही अशांनी समजून घेणेही सोडून द्यावे, हा युक्तिवाद मला कधीच पटलेला नाही. आजही औषधाने झोप सुधारते, भीती ओसरते, आणि तरीही रुग्ण 'दिवस बदलत नाही' म्हणतो, तेव्हा ते वाक्य समजून घ्यायला हे पुस्तक लागते. फ्रान्समध्ये तत्त्वज्ञांनी ते लवकर ओळखले. मेर्लो-पाँती यांच्या लेखनात मिंकोव्स्की यांचे रुग्ण भेटतात. वैद्यकीय जगाने मात्र उशीर केला. मिंकोव्स्की यांना फ्रान्समध्ये प्राध्यापकपद कधी मिळाले नाही. १९२५ साली सहकाऱ्यांबरोबर सुरू केलेले 'लेव्होल्युसियाँ सिकियात्रिक' हे नियतकालिक, आँरी-रूसेल रुग्णालयातले काम आणि खासगी रुग्ण, यांवर त्यांचे आयुष्य चालले. 'जगलेला काळ'ची नवी आवृत्ती निघाली ती १९६८ साली, तेव्हा ते ८३ वर्षांचे होते.

एक भाग अजून सांगायचा राहिला आहे, आणि तो वगळून त्यांच्या विचाराबद्दल बोलणे मला बरोबर वाटत नाही. १९४० साली पॅरिस जर्मनांच्या ताब्यात गेले. अनेकांनी शहर सोडले. मिंकोव्स्की पतिपत्नी राहिले. ज्यू मुलांना मदत करणाऱ्या 'ओझे' या संस्थेचे पॅरिसमधले काम त्यांनी सांभाळले. कोटावर ज्यूंना सक्तीचा केलेला पिवळा तारा लावून हा साठीकडे झुकलेला डॉक्टर त्या शहरात वावरत होता, आणि आईबाप पकडले गेलेल्या मुलांसाठी लपायच्या जागा, सांभाळणारी कुटुंबे शोधण्याच्या कामात होता. वीस वर्षांपूर्वी याच माणसाने रात्रीमागून रात्री एका रुग्णाला सांगितले होते की आज काही होणार नाही, तुम्ही उगीच घाबरता. आता त्याच्या दारात येणाऱ्या माणसांना हे वाक्य सांगता येत नव्हते. त्यांची भीती खरी होती, शिक्षा ठरलेली होती, आणि अपराध काय तर जन्म. तरी या माणसांमध्ये आणि त्या रुग्णामध्ये एक फरक होता, आणि तो मिंकोव्स्की यांच्याहून जास्त कोणाला कळणार? ती माणसे मुलाचा हात दुसऱ्याच्या हातात देत होती. रस्ता त्यांच्यापुरता संपला असला तरी मुलासाठी तो मोकळा आहे असे धरून चालत होती.

१९४५ च्या जून महिन्यात बुखेनवाल्डच्या छळछावणीतून सुटलेली ४२६ मुले नॉर्मंडीतल्या एकुई या गावी आणली गेली. त्यांची जबाबदारी 'ओझे'ने घेतली होती. या मुलांबद्दल आणि छावण्यांतून परतलेल्यांबद्दल मिंकोव्स्की यांनी १९४६ साली लिहिले. जे पाहिले, जे सोसले, ते ही माणसे सपाट आवाजात, एखादी यादी वाचून दाखवावी तसे सांगत; त्यांचे वागणे कोरडे, कठोर वाटे आणि सांभाळणाऱ्यांना त्याची भीती वाटे. मिंकोव्स्की यांनी त्याला 'भावनिक बधिरता' असे नाव दिले. पायाला मुंग्या आल्या की तो आपला असूनही आपला वाटत नाही, तरी पाय तुटलेला नसतो, तसा तो शब्द आहे. मुलांना तारीख ठाऊक होती, गावाचे नाव ठाऊक होते, सोबतचे कोण हेही ठाऊक होते. त्यांचे कागद कोणी भरले असतील तर ती ओळ तिथेही लिहिली गेली असेल.